एकच रीळ

हे सुपर एटचं, म्हणजे ८ मिलिमीटर रुंद फिल्मचं, कार्ट्रिज. तळहातावर मावतं. आत ५० फूट फिल्म. सेकंदाला १८ फ्रेम धरल्या तर ३ मिनिटं २० सेकंदांत संपते. ४ नोव्हेंबर १९७४ला पाटण्यात जयप्रकाश नारायणांच्या मोर्चावर लाठ्या चालल्या, तेव्हा माहितीपटकार आनंद पटवर्धन उसन्या सुपर एट कॅमेऱ्याच्या भरवशावर होते.

खरी अडचण नंतरची. ही रिव्हर्सल फिल्म, तिचं निगेटिव्ह नसतं. कॅमेऱ्यात फिरलेली पट्टीच धुऊन प्रोजेक्टरवर चढते आणि दर खेळाला ओरखडे वाढतात. म्हणून ती पडद्यावर पाडून १६ मिलिमीटरच्या फिल्मवर पुन्हा चित्रित केली.

हे काम नीट बघा. पडदा लहानच हवा, मोठ्यावर उजेड विरतो. कॅमेरा प्रोजेक्टरला अगदी खेटून. जरा बाजूला सरकला की चौकट तिरकी. मधोमध उजेड जास्त, कोपरे काळे. सगळ्यात छळते ती लुकलुक: कॅमेऱ्याच्या आणि प्रोजेक्टरच्या शटरांचा, म्हणजे उजेडाची उघडझाप करणाऱ्या झडपांचा, मेळ बसत नाही, मधला अंधारही फिल्मवर उतरतो. वेग किंचित बदलायचा, तुकडा धुऊन पाहायचा, पुन्हा बदलायचा. ग्रेन, म्हणजे चित्रातले दाणे, फुगतो, त्याला इलाज नाही. पण हाती निगेटिव्ह येतं, आणि निगेटिव्ह ज्याच्या हाती, फिल्म त्याची.

आणीबाणीत या फिल्मची प्रिंट तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर गेली. कॅनडात जोडली गेली.

पुढचे बहुतेक माहितीपट पटवर्धनांनी स्वतःच चित्रित आणि संकलित केले. 'जंग और अमन'मध्ये सेन्सॉरनं २१ कट मागितले; २००३मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं एकही कट न लावता तो मोकळा केला.

आता हा त्यांचाच १९८५चा 'हमारा शहर'. गाताहेत शाहीर विलास घोगरे. हातातली एकतारी बघा.

११ जुलै १९९७. घाटकोपर, रमाबाई आंबेडकर नगर. पोलिसांच्या गोळीबारात १० जण गेले. चार दिवसांनी घोगऱ्यांनी स्वतःचं जीवन संपवलं.

त्यानंतर कॅमेरा १४ वर्षं फिरला: वस्त्या, जलसे, शाहिरांची घरं, कोर्टाची पायरी. त्यातून 'जय भीम कॉम्रेड' उभा राहिला, तीन तासांहून मोठा. त्याचे खेळ वस्त्यांमध्येही झाले. घोगऱ्यांचा आवाज त्यात आहे, कारण १९८५चं फुटेज पटवर्धनांपाशीच होतं.

इथून पुढं निवेदन नाही. गाणं पूर्ण चालू द्या.