पाऊस न पडणारं पावसाचं गाणं

मंडळी, आजचा विषय 'बंदिनी'तलं 'अब के बरस भेज भैया को बाबुल'. माझं म्हणणं एका वाक्याचं आहे. ते सांगतोच, पण त्याआधी एक जुनी तक्रार.

पावसाळी गाण्यांच्या एका कार्यक्रमाला गेलो होतो. निवेदक म्हणाला, "आता चिंब व्हायला तयार राहा!" आणि सुरू झालं हे गाणं. कीबोर्डवाल्यानं आधी गडगडाट वाजवला, मग पागोळ्या, मग एक बेडूकही ओरडला, देवाशपथ! लय इतकी चढी की जात्यावरची बाई उठून पळालीच असती. शेजारचे गृहस्थ टाळ्यांचा ठेका धरून होते. मध्यंतरात निवेदकाला गाठलं, तर म्हणतो, "काका, सावन आहे ना त्यात?" आहे बाबा. रेल्वेच्या वेळापत्रकात पुणेही असतं. ते हातात धरलं की पुण्याला पोचतो का आपण?

असो. चित्रपट 1963चा, बिमल रॉय यांचा. शब्द शैलेंद्र, चाल सचिनदेव बर्मन, आवाज आशाबाईंचा. गाणं नायिकेच्या तोंडी नाहीच. तुरुंगातली दुसरीच एक कैदी दळता दळता गाते, नूतन ऐकते. दळताना गाणं येतंच, हे ओवीवाल्यांना मी काय सांगणार? श्रावणात मुराळी येईल म्हणून वाटेकडे डोळे लावणं आपल्याकडेही आहेच. (उत्तरेत महिना पौर्णिमेला संपतो, म्हणून त्यांचा सावन आपल्या श्रावणाआधी पंधरा दिवस लागतो. तिकडे झोपाळे टांगले जातात, तेव्हा आपण अजून आषाढ तळत असतो. कापण्यांवर बोलायचा मोह होतोय, पण...)

ही चिठ्ठी आली. पाच मिनिटं उरलीत म्हणे.

तर म्हणणं असं, की या गाण्यात पाऊस पडतच नाही. क्रियापदं बघा. आंब्याखाली झोपाळे 'पड़ेंगे', सरी 'पड़ेंगी', मैत्रिणी 'लौटेंगी'. पाऊस सगळा भविष्यकाळात आणि तोही बापाच्या अंगणात. पुढच्या कडव्यात एकदम भूतकाळ: तारुण्यानं खेळणी हिसकावली, बाहुली चोरली. वर्तमानाच्या वाट्याला उरतात भरून आलेले डोळे आणि न आलेली चिठ्ठी.

शिवाय 'अब के बरस'. निदान यंदा तरी! म्हणजे आधीची वर्षं कोरडीच गेली. आणि ही मागणी बापाकडे, तुरुंगाच्या भिंतीआडून. त्यानं ऐकली, भावाला धाडलं, भाऊ भिजत दारात येऊन उभा राहिला, तरी फाटक कोण उघडणार? हे तिला ठाऊक आहे. दळण थांबत नाही.

हॉलवाले दिव्यांपाशी जाऊन उभे राहिलेत. मूळ गाणं मोबाइलवर लावतो. बेडूक नाही त्यात.