लांबलचक नावाचा पीट

(पडदा काळा. हळूहळू एक चेहरा उजळतो.)

ह्या चेहऱ्याकडे जरा निवांत बघा. गालांची हाडं अशी वर आलेली की सावली त्यांच्याखालीच मुक्कामाला. नाक रुंद, बसकं. कुठेतरी पाहिलंय खरं, पण नाव काही आठवत नाही. चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला हेच येतं. त्यात हे नाव म्हणजे जिभेची परीक्षा. पीट पॉसलथ्वेट.

जन्म 1946 चा, इंग्लंडच्या वायव्येकडचं वॉरिंग्टन हे कारखान्यांचं गाव. घर कॅथलिक. आधी पाद्री व्हायचं मनात होतं. मग शिक्षक झाला, नाटक शिकवू लागला, आणि शेवटी स्वतःच नाटक शिकायला ब्रिस्टलला गेला. सुरुवातीच्या एजंटने सुचवलं, नाव बदल. एवढं नाव थिएटरवर दिव्यांनी लिहायचं तर विजेचं बिल परवडायचं नाही. पीटने ऐकलं नाही.

(लिव्हरपूल. होप स्ट्रीट.)

एव्हरीमन थिएटर. 1970 च्या दशकात ज्यूली वॉल्टर्स, बिल नाय, जोनाथन प्राइस ही पुढे गाजलेली नटमंडळी इथेच घडत होती. पीटही त्यांतलाच.

सिनेमाने त्याला बाप म्हणून ओळखलं. 1988 च्या 'डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ह्ज'मध्ये घरादाराला धाकात ठेवणारा, हात उगारणारा बाप. पाच वर्षांनी 'इन द नेम ऑफ द फादर'मध्ये जुझेप्पे कॉनलन: पोराला सोडवायला बेलफास्टहून लंडनला आलेला आणि स्वतःच तुरुंगात अडकलेला. हा माणूस खराखुरा होता; 1980 साली कैदेतच गेला. पडद्यावर त्याचा मुलगा झालेला डॅनियल डे-लुईस पीटपेक्षा जेमतेम 11 वर्षांनी लहान. प्रेक्षकांच्या ते लक्षातही येत नाही. जुझेप्पे गेल्याची बातमी पसरते आणि कैदी खिडक्यांतून पेटते कागद खाली सोडतात. त्या दृश्यात पीट नाही, पण ते सगळे कागद त्यानेच पेटवलेले असतात. ऑस्करचं नामांकन मिळालं, बाहुली नाही.

टीव्हीवर नेपोलियनच्या काळातल्या लढायांवरच्या 'शार्प' मालिकेत तो सार्जंट हेक्सविल झाला. नीच माणूस. टोपीत आईचं चित्र ठेवून तिच्याशी बोलणारा. (ह्या मालिकेतला वेलिंग्टन म्हणजे 1803 साली असईला शिंदे-भोसल्यांच्या फौजांशी लढलेला तोच वेलस्ली.)

आणि 'द युज्वल सस्पेक्ट्स'मधला कोबायाशी? नाव जपानी, चेहरा इंग्रज, इंग्रजी मात्र आपल्या उपखंडाच्या वळणाचं. आधी वाटतं, हे काय कडबोळं! शेवटी कपाच्या बुडाशी हेच नाव छापलेलं दिसतं, गोष्ट सांगणाऱ्याने ते तिथूनच उचललेलं, आणि कळतं, कडबोळंच हवं होतं.

स्पीलबर्गने 1997 साली त्याला दोन चित्रपटांत घेतलं आणि जगातला सर्वोत्तम नट म्हटलं. पीट सांगायचा, ते खरं म्हणजे 'पीटला वाटतं आपण जगातले सर्वोत्तम नट आहोत' असं म्हणाले असतील.

(अंधार. हेल्मेटवरचे दिवे.)

माझं विचाराल तर पीटसाठी एकच चित्रपट बघा: 1996 चा 'ब्रास्ड ऑफ'. यॉर्कशरमधली कोळशाची खाण बंद पडतेय, आणि हा डॅनी तिथल्या कामगारांच्या बँडचा मास्तर. फुप्फुसांत कोळशाची धूळ भरलेली. रात्री बँडवाले इस्पितळाच्या आवारात हेल्मेटचे दिवे लावून एक जुनी धून वाजवतात, आत हा पडल्या पडल्या ऐकतो. पुढे अल्बर्ट हॉलमध्ये बँड जिंकतो आणि डॅनी चषक नाकारतो. ही माणसं सील किंवा देवमासे असती तर तुम्ही सगळे पेटून उठला असता, असं तो सभागृहाला सुनावतो. आवाज फारसा चढत नाही. श्वास पुरत नसतो, म्हणून शब्द तोलून खर्च करतो. मी हे भाषण कितीदा पाहिलंय, मोजलेलं नाही.

2008 साली तो पुन्हा होप स्ट्रीटवर गेला, त्याच एव्हरीमनमध्ये, किंग लिअर होऊन. पुढच्या वर्षी हवामानबदलावरच्या 'द एज ऑफ स्टुपिड'मध्ये दिसला आणि कोळशावरचं नवं वीजकेंद्र मंजूर झालं तर सरकारी किताब परत करीन, असं जाहीरपणे म्हणाला. खाणकामगारांचा डॅनी कोळशाविरुद्ध उभा, ह्यात मला विसंगती दिसत नाही; दोन्हीकडे धूळ माणसाच्याच छातीत जाते.

(फुलांचं दुकान.)

2010. 'द टाउन'. बॉस्टनमधला म्हातारा फूलवाला, धंदा गुन्हेगारीचा. गुलाबाचे देठ छाटता छाटता तो समोरच्याला सांगतो, तुझ्या बापाचं मी काय केलं. कात्री थांबत नाही.

2 जानेवारी 2011 रोजी पीट कर्करोगाने गेला, 64 व्या वर्षी. ह्या फूलवाल्यासाठी बाफ्टाचं, म्हणजे ब्रिटनच्या चित्रपट पुरस्काराचं, नामांकन त्याच महिन्यात जाहीर झालं.