पाण्यासारखं आभाळ

नमस्कार, श्रोतेहो. मे महिन्यात भुसावळहून जळगावकडं येताना भरदुपारी पुढं डांबरी रस्त्यावर पाणी साचलेलं दिसतं. गाडी जवळ गेली की ते आणखी पुढं सरकतं. त्याला आपण भास म्हणून मोकळे होतो. पण भास असेल तर तो कॅमेऱ्यात कसा उतरतो?

बिल व्हायोला या अमेरिकी कलावंतानं १९७९ साली नेमकं हेच केलं. ट्युनिशियातल्या शॉट एल जेरिद या कोरड्या खाऱ्या तळ्यावर जाऊन, दूरचं जवळ आणणाऱ्या भिंगांतून त्यांनी मृगजळ टिपलं. २८ मिनिटांचा व्हिडिओ. गोष्ट नाही, निवेदन नाही. झाडं जमिनीपासून सुटून तरंगतात, डोंगरांच्या कडा थरथरतात, रंग एकमेकांत विरघळतात. व्हायोला २०२४ साली गेले, पण मला त्यांचं हेच काम सगळ्यांत जवळचं वाटतं. आपला उन्हाळा कुणीतरी इतक्या धीरानं पाहिलाय.

तापलेल्या जमिनीलगतची हवा विरळ होते, वरची त्या मानानं दाट राहते. आभाळातून खाली येणारा उजेड या थरांतून वाकत वाकत पुन्हा वर वळतो आणि आपल्या डोळ्यांत शिरतो. म्हणजे रस्त्यावर दिसतं ते खरोखरचं आभाळच. डोळा चुकत नाही. त्याला ‘पाणी’ म्हणते ती आपली आठवण, कारण जमिनीवर उतरलेलं आभाळ आपण आजवर पाण्यातच पाहिलेलं असतं.

घरी मोबाइल आहे ना? कडक उन्हात एखाद्या लांब, सपाट रस्त्याच्या कडेला तो जमिनीलगत दगडावर टेकवा, दूरवर रोखा, व्हिडिओ चालू करा आणि हात काढून घ्या. दहा मिनिटं मोबाइल हलवू नका.

माझी आजी गिरणेचं कोरडं पात्र ओलांडताना लुगडं घोट्याच्या वर धरायची. वाळू पायांना चटके देत असायची, पाण्याचा थेंब नसायचा, तरी हात आपोआप निऱ्यांकडं जायचा. मी अलीकडच्या काठावर निंबाखाली बसून बघायचो. ती लांब गेली की उन्हाच्या लाटांत तिची पावलं दिसेनाशी व्हायची आणि ती घोटाभर पाण्यातून चाललीय असंच वाटायचं.