वर्गणी उघड, नावं झाकलेली

श्रोतेहो, नमस्कार.

वर्गणीची पावती फाडणं कोकणात कुणाला शिकवावं लागत नाही. गणपतीचा मंडप असो नाहीतर देवळाचा जीर्णोद्धार, चाकरमानी गावी आला की पावतीपुस्तक त्याच्या दारात हजर. हीच सवय एचआयव्हीबाधितांसाठी आणि समलिंगी, तृतीयपंथी माणसांसाठी कशी वापरायची, ते आज पाहू. देवळाच्या फलकावर देणगीदाराचं नाव रंगवतात. इथे मात्र नाव फुटलं तर मदतीपेक्षा नुकसानच जास्त.

पैसे लागतात कशाला? गोळ्यांना नव्हे. एआरटीची, म्हणजे एचआयव्ही आटोक्यात ठेवणारी, औषधं सरकारी केंद्रात २००४ पासून मोफत आहेत. पैसा जातो तो केंद्र गाठण्यात. मंडणगडहून रत्नागिरीला जायचं तर अख्खा दिवस मोडतो, मजुरी बुडते, वर भाडं आणि जेवण. एसटीच्या साध्या गाडीत एचआयव्हीबाधितांना प्रवास सवलत आहे. पण त्यासाठी कार्ड दाखवायचं कंडक्टरला, आणि कंडक्टर शेजारच्याच वाडीतला! माणूस मुकाट्याने तिकीट काढतो. ते भाडं वर्गणीतून द्यायचं. समजा एका खेपेचं भाडं ३०० आणि खाणं १०० रुपये धरलं, तर महिन्याला एकेक खेप करणाऱ्या ४० माणसांचे १६,००० होतात. तब्येत स्थिर असलेल्यांना बऱ्याचदा काही महिन्यांच्या गोळ्या एकदम मिळतात, मग खेपा कमी होतात. म्हणून आधी केंद्रातल्या समुपदेशकांना माणसं किती, खेपा किती, एवढंच विचारा. नावं विचारूच नका.

दुसरं काम, समलिंगी आणि तृतीयपंथी माणसांसाठीचं, वेगळं आहे. घरातून काढलेल्या मुलाला आठवडाभराची खोली, वकिलाची फी, नाव बदलायची कागदपत्रं. परस्परसंमतीच्या समलिंगी संबंधांना सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी गुन्ह्यातून बाहेर काढलं, पण उंबऱ्यावरचा निकाल अजून घरोघरी वेगळा लागतो. या दोन्ही कामांची खाती वेगळी ठेवा, पावतीवर दोन रकाने छापा. एकाच डब्यात दोन्ही घातलं की ‘एड्स म्हणजे तसल्या लोकांचा आजार’ या समजाला आपणच खतपाणी घालतो. एचआयव्ही घराघरांतल्या बायकांना आणि लेकरांनाही झालेला आहे. शिवाय पहिल्या कामाला देणारा दुसऱ्याला देईलच असं नाही. त्याला न सांगता त्याचे पैसे तिकडे वळवले, तर पुढच्या वर्षी दारात उभं राहायला तोंड नाही.

आता कायदा. नोंदणी नसलेल्या गटाने वर्गणी काढायची तर धर्मादाय आयुक्तांकडून सार्वजनिक विश्वस्त कायद्याच्या कलम ४१ क खाली परवानगी घ्यावी लागते. गणेश मंडळांना हे ठाऊक असतं. पाच-सहा जणांच्या गटाने स्वतःचा ट्रस्ट काढायच्या भानगडीत पडू नये. नोंदणी असलेली संस्था गाठावी, तिचं अधिकारपत्र आणि क्रमांक घातलेलं पावतीपुस्तक घ्यावं, पैसे थेट तिच्या खात्यात भरावेत. ८०जीची, म्हणजे देणगीवरची आयकर सवलत मागणाऱ्याला आधीच सांगा, २,००० रुपयांवरची रोख देणगी त्यात बसत नाही.

‘माझं नाव नको’ म्हणणारे पुष्कळ भेटतात. नाव फलकावर नको, पण स्थळप्रतीवर लिहाच. निनावी देणगी ठरावीक मर्यादेपलीकडे गेली की संस्थेला तिच्यावर ३० टक्के कर बसतो. पुस्तकात नाव-पत्ता, फलकावर ‘एक हितचिंतक’. एवढं केलं की भागतं.

क्यूआर कोड संस्थेच्या खात्याचाच हवा, कार्यकर्त्याच्या मोबाईलचा कधीच नको. जत्रेत त्यावर दुसराच स्टिकर चिकटवून जातात, म्हणून दर तासाला स्वतः स्कॅन करून पडद्यावर येणारं नाव वाचा. पेटीला दोन कुलपं लावा आणि किल्ल्या दोघांकडे ठेवा. मोजणी तिघांसमोर व्हावी.

आखातातल्या पोरांकडून मोठी रक्कम येते. पासपोर्ट भारताचा असेल आणि पैसे स्वतःच्या कमाईतले, बँकेतून आलेले असतील, तर ती विदेशी देणगी धरत नाहीत. परदेशी नागरिकत्व घेतलेल्याकडून एक रुपयाही घ्यायचा तर संस्थेकडे एफसीआरएची, म्हणजे विदेशी देणगी कायद्याखालची, नोंदणी पाहिजे. नात्यातला आहे म्हणून नियम सुटत नाही.

खरी गाडी अडते ती पैसे वाटताना. ऑडिटरला व्हाउचर हवं आणि व्हाउचरवर नाव लिहिलं की ते चार टेबलांवरून फिरतं. त्यावर सांकेतिक क्रमांक घाला. क्रमांक कुणाचा, ती वही एकाच विश्वस्ताच्या कुलपात राहू द्या. संमतीशिवाय एचआयव्हीची माहिती फोडायला २०१७ च्या कायद्याने बंदी आहे, आणि अशा नोंदी सुरक्षित ठेवायची जबाबदारीही त्यानेच घातली आहे. ‘लाभार्थीसोबत एक फोटो’ मागणाऱ्या देणगीदाराला सरळ नाही म्हणावं. रक्कम मोठी असेल तर अधिकच ठामपणे.

वेळेचं गणितही मांडा. १ डिसेंबरला, जागतिक एड्स दिनी, भाषणं होतात, पण आपल्याकडे पैसा हातात खेळतो शिमग्याला, मे महिन्यात आणि गणपतीत. जून-जुलैत मासेमारी बंद, रस्ते खचलेले, आणि नेमकी तेव्हाच गोळी चुकायचा धोका जास्त. मे महिन्याच्या जमेतून पावसाळ्यातल्या खेपांचे पैसे आधी बाजूला काढा, मग बाकीचं बघा.

लकी ड्रॉच्या कुपनांचा मोह टाळा. परवानगीशिवाय सोडत काढणं गुन्हा आहे. त्यापेक्षा दशावताराचा प्रयोग लावा, लोक तिकीट काढतात. मंडळाला मात्र आधीच बजावा, तृतीयपंथीयांवर टाळ्या वाजवायचे विनोद नकोत. लुगडं नेसलेल्या पुरुष नटाला रात्रभर दाद देणारा प्रेक्षक सकाळी स्टँडवर काय बोलतो, ते सगळ्यांना माहीत आहे.

आणि पावती छापायला टाकाल तेव्हा मागच्या बाजूला दोन ओळी घाला: एचआयव्हीची तपासणी सरकारी रुग्णालयातल्या आयसीटीसी (समुपदेशन आणि तपासणी) केंद्रात मोफत होते, निकाल गुप्त राहतो, मोफत हेल्पलाइन १०९७. पावती सगळ्यांनाच मिळते, त्यामुळे ज्याला नंबर हवा आहे त्याला तो मागावा लागत नाही.

नमस्कार.