सायकलीला सावली हवी

नमस्कार श्रोतेहो.

खान्देशात आज सायकल कुणामुळे टिकून आहे असं विचारलं, तर मी शाळकरी मुलींकडे बोट दाखवीन. राज्याच्या मानव विकास कार्यक्रमातून, शाळेपासून ५ किलोमीटरच्या आत राहणाऱ्या आठवी ते बारावीच्या गरजू मुलींना सायकलीसाठी अनुदान मिळतं. २०२२ मध्ये ते ५,००० रुपये झालं. गावात वरचा वर्ग नाही म्हणून पोरीचं शिक्षण थांबायचं, तिथे ही सायकल उपयोगी पडली. सरकारी पैसा इतका नेमका कामी आलेला मला फार आवडतो.

शहरात शिरल्यावर मात्र या पोरींना ट्रक, रिक्षा आणि मोटारसायकलींतून वाट काढावी लागते.

शहरांनी सायकलीसाठी सोयी कराव्यात म्हणून केंद्र सरकारनं २०२० मध्ये 'इंडिया सायकल्स फॉर चेंज' स्पर्धा सुरू केली. स्मार्ट शहरं, राजधान्या आणि ५ लाखांवर वस्तीची शहरं यांच्यासाठी. नागपूर, पिंपरी-चिंचवड त्यात चमकली. २०११ च्या जनगणनेत जळगाव साडेचार लाखांच्या जरा वर, धुळं पावणेचार लाखांच्या आसपास. आपण दारातच अडलो! खरं तर अमळनेर, शिरपूर, शहादा ही सायकलीच्याच मापाची गावं. या टोकापासून त्या टोकापर्यंत अर्धा तास पुष्कळ झाला.

शिवाय आपल्याकडे रस्त्यावर सायकलींसाठी नुसता रंगवलेला पट्टा पुरणार नाही. मे महिन्यात भुसावळात पारा ४५ अंशांपर्यंत चढतो. तेव्हा सायकलस्वाराला रस्त्याइतकीच सावलीही लागते. रस्ता रुंद करताना कडेचे निंब तोडले की त्या रस्त्यावरची सायकलही गेलीच म्हणून समजा. शाळा, बाजार, बसस्थानक इथे छपराचा सायकल-तळ हवा. भर उन्हात उभ्या सायकलीची ट्यूब फुटते आणि तो खर्च मजुराच्या घराला जड जातो.

यासाठी दिल्लीच्या स्पर्धेची वाट पाहायला नको. राज्याचं 'माझी वसुंधरा' हे पर्यावरणाचं अभियान २०२० पासून नगरपालिकांसाठीही खुलं आहे, आणि हवा शुद्ध ठेवणं हा त्याचा एक भागच आहे. पालिकेचं पुढच्या वर्षाचं अंदाजपत्रक मार्चपूर्वी ठरतं. त्याआधी आपल्या वॉर्डातून लेखी मागणी करा: शाळेच्या रस्त्यावर दुतर्फा झाडं, मुलींसाठी वेगळी वाट आणि शाळा भरताना-सुटताना अवजड वाहनांना बंदी.