दगडाला हात लावला तर कोण बोलेल?

(ग्वाल्हेरच्या मराठी श्रोत्यांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा संपादित भाग)

मंडळी, आज एक कल्पना करू. उद्या सकाळी आपल्या हातांत अशी शक्ती आली, की ज्या वस्तूला हात लावू तिच्या अवतीभवती पूर्वी जे घडलं ते आपल्याला जाणवेल. दिसणार नाही, ऐकू येणार नाही, नुसतं जाणवेल. कुणाची भीती, कुणाची घाई, कुणाच्या तळव्याला सुटलेला घाम. असं झालं तर आपल्याला इतिहास कळेल का? माझं उत्तर आधीच सांगते: फार थोडा.

ही कल्पना जुनी आहे. जोसेफ बुकॅनन या अमेरिकन डॉक्टरांनी १८४२ साली तिला सायकोमेट्री असं नाव दिलं. पुढे विल्यम डेंटन यांनी खडकांचे तुकडे कागदात गुंडाळून बायकोच्या आणि बहिणीच्या हाती दिले, त्यांना काय जाणवतं ते टिपून घेतलं आणि १८६३ साली छापलं. विज्ञानाच्या कसोटीला यातलं काही उतरलं नाही. तरी त्या माणसांची ओढ मला समजते. आपल्या किल्ल्यावर चढताना भिंतीवर हात टेकला नाही असा माणूस मला अजून भेटायचा आहे.

दगड काहीच साठवत नाही, असंही म्हणता येणार नाही. ग्वाल्हेरच्या वालुकाश्मात क्वार्ट्‌झचे कण ठासून भरलेले आहेत. असा कण उन्हात राहिला की त्याच्यातली साठवण रिकामी होते. तो अंधारात गाडला गेला, की आसपासच्या मातीदगडातल्या किरणोत्सर्गामुळे त्यात इलेक्ट्रॉन अडकत जातात. प्रयोगशाळेत त्यावर प्रकाश टाकला की कण मंद उजळतो, आणि त्या उजेडावरून त्याने शेवटचं ऊन केव्हा पाहिलं ते काढता येतं. भाजलेल्या मडक्याचंही तसंच, फक्त तिथे शेवटची भट्टी मोजायची. ऊन आणि आग यांची नोंद होते. दुःखाची होत नाही.

आणि आपली त्वचा? दाब पडला की चेतापेशीच्या आवरणातली इवलीशी द्वारं उघडतात. ती द्वारं कोणती, हे २०१० साली कळलं. त्या शोधासाठी आर्डेम पाटापुटियन यांना २०२१ चं नोबेल मिळालं. त्यातलं पिएझो-२ हे प्रथिन नसेल तर हलका स्पर्श नीट कळतच नाही. ही सगळी यंत्रणा आत्ताच्या क्षणासाठी आहे. बोटाखाली आज काय आहे तेवढंच ती सांगते.

पण कल्पनेला परवानगी देऊ आणि वर चढू. कुठे हात ठेवाल? मला विचाराल तर जौहर कुंडाजवळ नको. १२३२ साली दिल्लीचा सुलतान इल्तुत्मिश याच्या वेढ्यानंतर किल्ला पडला आणि तिथे बायकांनी जौहर केला, असं परंपरा सांगते. समजा, ते सगळं तळव्यातून आत आलं. सहन झालं असं धरू. तरी आपल्याला काय मिळालं? आग, किंकाळी, धाप. त्यांतल्या एकीचंही नाव नाही. वेढा कुणी घातला, किती महिने चालला, तहाचं बोलणं झालं की नाही, यातलं काहीच नाही. वेदनेला सनावळी नसते. आणि त्या बायकांच्या शेवटच्या क्षणात शिरायचा अधिकार तिकीट काढून आलेल्या माणसाला कुणी दिला? मी तरी हात मागे घेईन.

त्यापेक्षा चतुर्भुज मंदिराशी थांबू या. किल्ल्याच्या चढावर, एकाच खडकातून कोरून काढलेलं लहानसं देऊळ. किल्ल्याचा रक्षक अल्ल याने ते प्रतिहार घराण्यातल्या भोज राजाच्या काळात करवलं. आतल्या शिलालेखात संवत ९३३ आहे, म्हणजे इसवी सन ८७६. जगभरातले गणिताचे अभ्यासक इथे येतात, कारण २७० आणि ५० हे आकडे इथे आजच्यासारखे शून्य घालून लिहिलेत. एवढंसं, वाटोळं शून्य.

त्या शून्यावर बोट ठेवलं तर छिन्नी धरणारा पाथरवट जाणवेल. त्याचा अंगठ्याजवळचा घट्टा, खडकाची धूळ, वाकून दुखलेली पाठ. हे मला हवंहवंसं वाटतं, कारण लेखात त्याचा पत्ता नाही. इथपर्यंत आपली जादू पोथ्यांच्या पुढे जाते.

पण लेखात दुसरा एक माणूस आहे. २७० हात लांब आणि १८७ हात रुंद अशी फुलबाग देवाला दिली, आणि माळ्यांनी रोज ५० माळा द्यायच्या, असं ठरलं. आता त्या माळ्याला शोधायला हात कुठे ठेवाल? त्याची बोटं ज्यावर फिरली ती फुलं दुसऱ्या दिवशी निर्माल्य झाली. दोरा कुजला. बाग राहिली नाही. ज्यांचं आयुष्य फुलांत, कणकेत, पाण्यात, शेणात गेलं, ती सगळी माणसं आपल्या जादूच्या हातून निसटतात. विशेषतः बायका. टिकाऊ वस्तू ज्याच्या हाती होत्या त्याचंच तेवढं जाणवणार, म्हणजे पुन्हा तलवार, सिंहासन, तटबंदी. ग्वाल्हेरच्या त्या माळ्याची रोजची मेहनत आपल्याला ठाऊक आहे ती कुणीतरी आकडा कोरून ठेवला म्हणून.

जाता जाता, शिलालेख वाचणारे लोक स्पर्शाचंच काम करतात, हेही सांगायला हवं. ओला कागद दगडावर पसरायचा, ब्रशने ठोकून अक्षरांच्या खाचांत बसवायचा, मग वरून शाईची गादी फिरवायची. खाचा पांढऱ्या राहतात, बाकी काळं होतं. त्या ठशावर झिजलेली अक्षरंही पुष्कळदा वाचता येतात. तुम्ही मंदिरात गेलात तर मात्र शून्याला बोट लावू नका. आपल्या घामातलं मीठ आणि कातडीचं तेल वालुकाश्माला सोसत नाही, आणि हजारो बोटांनी ती खाच भरत, झिजत जाते. बॅटरी घेऊन जा, उजेड बाजूने तिरपा टाका. सत्तावीसच्या शेजारचं शून्य उमटून दिसतं.