पेल्ले आणि कृष्णा : १९८८ सालातली दोन मुलं

नमस्कार मंडळी.

डेन्मार्कच्या सिनेमाविषयी बोला, असं आपल्या मंडळाच्या कार्यकारिणीने मला सांगितलं होतं. विषय फार मोठा आहे, म्हणून मी तो एका मुलापुरता घेतला आहे. पेल्ले व्हेनेगोर हे त्या मुलाचं नाव. अकरा वर्षांचा असताना त्याने 'पेल्ले एरोब्रेरेन', म्हणजे 'विजेता पेल्ले', या चित्रपटात काम केलं आणि तो चित्रपट कान महोत्सवापासून ऑस्करपर्यंत सगळं जिंकून आला. आज बसलेल्यांपैकी बरेच जण बोर्नहोल्मला जाऊन आलेले आहेत. ही सगळी कथा त्याच बेटावर घडते, त्यामुळे तुम्हाला ती जवळची वाटेल.

कोपनहेगनहून बोर्नहोल्मला जाताना आपण काय करतो? पूल ओलांडून स्वीडनमध्ये शिरतो, स्कोने प्रांतातून इस्टाडला पोचतो आणि तिथून बोर्नहोल्मवरच्या रोन्ने बंदराची फेरीबोट पकडतो. इस्टाडच्या थोडं आत टोमेलिला नावाचं गाव आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात या भागातली गरीब माणसं उलट बाजूने निघत. होतं नव्हतं ते गाठोड्यात बांधून, शिडाच्या जहाजात बसून बोर्नहोल्मच्या शेतांवर मजुरीला येत. चित्रपटातला लासे हा म्हातारा विधुर आणि त्याचा मुलगा पेल्ले हे दोघे याच टोमेलिलाचे. तेव्हा डेन्मार्क हा स्वीडिश मजुरांचा परदेश होता. डेन्मार्कमध्ये बाहेरून येऊन राहिलेल्या आपल्यासारख्यांना हे लक्षात ठेवावंसं वाटेल.

मूळ कादंबरी मार्टिन आंदेर्सन नेक्सो यांची. १९०६ ते १९१० या काळात ती चार भागांत आली. नेक्सोंचा जन्म १८६९चा, कोपनहेगनच्या गरीब वस्तीतला. लहानपणीच घर बोर्नहोल्मला गेलं आणि तिथे त्यांनी गुरं राखली. ज्या गावात वाढले त्या गावाचं नाव त्यांनी आपल्या नावाला जोडलं. कादंबरीच्या पहिल्या भागात पेल्लेचं बालपण आहे. बिले आउगुस्ट या दिग्दर्शकाने तेवढाच भाग घेऊन अडीच तासांचा चित्रपट केला. १९८७च्या नाताळात तो डेन्मार्कमध्ये लागला.

सुरुवातीचा प्रसंग सांगतो. धुक्यातून जहाज पुढे सरकतंय. लासे मुलाला जवळ घेऊन डेन्मार्कचं वर्णन करतो आहे. तिथे पोरांना कामाला जुंपत नाहीत, दिवसभर खेळायचं असतं. पावावर लोणी जाडजूड लावतात. डुकराच्या भाजलेल्या मांसात मनुका घालतात. पोरगं डोळे मोठे करून ऐकतंय. बंदरात उतरल्यावर मजूर निवडायला आलेले मुकादम धडधाकट माणसं उचलून नेतात. हा म्हातारा आणि त्याच्या हाताशी धरलेलं पोर कुणालाच नको असतं. धक्का रिकामा होतो. शेवटी उशिरा आलेला एक मुकादम दोघांना स्टेनगोर नावाच्या मोठ्या शेतवाडीवर घेऊन जातो, आणि गोठ्याला लागून असलेली जागा हे त्यांचं घर होतं. आई नाही, शाळा नावापुरती, पगार हातावर टेकवलेला.

आता त्या मुलाच्या अभिनयाकडे येतो, कारण मला मुख्यतः त्याबद्दल बोलायचं आहे. वाडीवरचा शिकाऊ मुकादम, म्हणजे वयाने पोरसवदाच, एकदा पेल्लेचा अपमान करून त्याला चाबकाने मारतो. लासे खवळतो. दाखवतोच त्याला, म्हणून तावातावाने निघतो. पण प्रत्यक्ष समोर उभं राहिल्यावर म्हाताऱ्याचं अवसान गळतं. चाबकाचे वळ बसले तेव्हा पेल्ले रडतो, ओरडतो, ते कुठल्याही मुलाला जमेल. बाप हरलेला दिसतो तेव्हा मात्र तो रडत नाही. तो बापाकडे नुसता पाहतो. आपला बाप आपलं रक्षण करू शकत नाही, हे त्याला कळलेलं असतं आणि बापाला ते दिसू नये असंही त्याला वाटत असतं. संवाद नाही, पार्श्वसंगीताचा आधार नाही. अकरा वर्षांच्या मुलाला हे सांगून करता येत नाही. हा प्रसंग मी अनेकदा पाहिला आहे, आणि प्रत्येक वेळी त्या मुलाच्या चेहऱ्यावर काहीतरी नवं सापडतं.

समोर कोण होतं तेही पाहा. लासेचं काम मॅक्स फॉन सिडो यांनी केलं. स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बेरीमान (आपण बर्गमन म्हणतो) यांच्या चित्रपटांमधून जगभर गाजलेला, साठीला टेकलेला नट. त्यांचा जन्म लुंडचा, म्हणजे स्कोनेतलाच. लासेची बोली ही त्यांच्या लहानपणी कानावर पडलेली बोली. एवढा मोठा नट समोर असला की लहान मूल एक तर बुजतं, नाहीतर पाठ केलेलं म्हणून मोकळं होतं. पेल्ले यातलं काहीच करत नाही. दोघं एका चादरीखाली झोपतात, दोघं एकमेकांना खोटी आश्वासनं देतात, आणि आपण पाहताना यांच्यात रक्ताचं नातं नाही हे विसरून जातो. या भूमिकेसाठी फॉन सिडोंना पहिल्यांदा ऑस्करचं नामांकन मिळालं. मला वाटतं, त्यातला मोठा वाटा त्यांच्यासमोर उभ्या असलेल्या मुलाचा होता.

या मुलाच्या नावाचीही एक गोष्ट आहे. त्याच्या आईवडिलांनी त्याचं नाव नेक्सोंच्या कादंबरीतल्या पेल्लेवरूनच ठेवलेलं होतं. १९७५ साली तो जन्मला तेव्हा चित्रपटाचा विषयही नव्हता. डेन्मार्कच्या घराघरांत ती कादंबरी किती रुजलेली होती ते यावरून कळतं.

मे १९८८मध्ये चित्रपटाला कानचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी युरोपियन चित्रपट पुरस्कारांचा पहिलाच सोहळा पश्चिम बर्लिनमध्ये झाला. तिथे फॉन सिडो सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरले आणि सर्वोत्कृष्ट बालकलाकार म्हणून पेल्ले व्हेनेगोर. मार्च १९८९मध्ये परभाषिक चित्रपटाचं ऑस्करही आलं. आदल्या वर्षीचं ऑस्करही एका डॅनिश चित्रपटालाच मिळालं होतं. जेमतेम ५१ लाख वस्तीच्या देशाला सलग दोन वर्षं! एकट्या मुंबईच्या लोकसंख्येहून कितीतरी कमी ही लोकसंख्या.

डेन्मार्कला बालकलाकार काही नवे नव्हते. तुमच्या ऑफिसातल्या कुणा सत्तरीच्या डॅनिश माणसाला 'लिले पेअर' म्हणजे छोटा पेअर कोण, असं विचारा, तो लगेच हसेल. १९५३ ते १९६१ या काळात 'फार टिल फिअर', म्हणजे चार मुलांचा बाप, या मालिकेचे आठ चित्रपट आले. वर्तमानपत्रातल्या एका चित्रमालिकेवरून ते केलेले. बायको गेलेला बाप, घर सांभाळणारी थोरली मुलगी आणि सगळ्यांत धाकटं शेंडेफळ पेअर. ओले नॉयमान या मुलाने तो पेअर केला. दिग्दर्शिका ॲलिस ओ'फ्रेडरिक्स. त्या काळात इतके चित्रपट करणाऱ्या बायका जगात फार थोड्या होत्या, आणि त्यांच्याविषयी इथे अजून खूप बोललं गेलं पाहिजे असं मला वाटतं. १९५९चा भाग बोर्नहोल्मवरच घडतो. त्यातलं बेट म्हणजे सुट्टी, ऊन, समुद्र आणि गाणी. तोच किनारा, पण एकाच्या वाट्याला सहल आली आणि दुसऱ्याच्या वाट्याला गोठा.

ओले नॉयमानला प्रेक्षकांनी पेअर म्हणूनच लक्षात ठेवलं. आठ वर्षं पडद्यावर वाढत गेलेला मुलगा अख्ख्या देशाला धाकट्या भावासारखा वाटत होता, आणि धाकटा भाऊ मोठा झालेला कुणाला नको असतो. बालकलाकाराच्या आयुष्यातली ही अडचण जुनी आहे. आपल्याकडेही ती आहेच.

पेल्ले व्हेनेगोरच्या वेळेपर्यंत मात्र डेन्मार्कने एक गोष्ट केली होती. १९८२च्या चित्रपट कायद्यात असं ठरलं की सरकारी मदतीपैकी किमान पंचवीस टक्के रक्कम लहान मुलांच्या आणि किशोरांच्या चित्रपटांवरच खर्च करायची. चार आण्यांचा वाटा मुलांचा, कायद्याने. याचा परिणाम फक्त चित्रपटांच्या संख्येवर झाला नाही. दिग्दर्शक, कॅमेरामन, लेखक मुलांबरोबर काम करायला शिकले. बिले आउगुस्ट यांनी 'पेल्ले'च्या आधी किशोरवयीन मुलांवर आणि शाळकरी मुलांवर चित्रपट केलेलेच होते. त्यामुळे एवढ्या मोठ्या निर्मितीत एका मुलाच्या खांद्यावर अडीच तास द्यायला ते घाबरले नाहीत. पेल्लेच्या चेहऱ्यावरची ती शांतता मला एकट्या मुलाची करामत वाटत नाही. त्याच्या आजूबाजूला मुलांशी कसं वागायचं हे माहीत असलेली माणसं होती.

आता दुसऱ्या मुलाकडे येतो.

१९८८च्या त्याच कान महोत्सवात मीरा नायर यांचा 'सलाम बॉम्बे!' होता. पहिल्या चित्रपटासाठीचा कॅमेरा द'ओर त्याला मिळाला. पुढच्या मार्चमध्ये ऑस्करच्या शेवटच्या पाच चित्रपटांत 'पेल्ले' होता आणि 'सलाम बॉम्बे!'ही होता. एका बाजूला बोर्नहोल्मच्या गोठ्यातला पेल्ले, दुसऱ्या बाजूला फॉकलंड रोडवर चहा पोचवणारा कृष्णा ऊर्फ चायपाव. पाचशे रुपये जमवल्याशिवाय घरी परत यायचं नाही, असं त्याला आईने सांगितलेलं. नाना पाटेकर आणि रघुवीर यादव हे नट त्यात होते, पण चित्रपट पेलला तो शफीक सय्यद या मुलाने. बंगळूरहून मुंबईला पळून आलेला, रस्त्यावर राहणारा मुलगा. रस्त्यावरच्या मुलांसाठी घेतलेल्या कार्यशाळेतून त्याची निवड झाली. त्याला सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

शेवटाकडे चित्रपटात गणपतीची मिरवणूक येते. त्या गर्दीत कृष्णाचा हात सुटतो, आणि मग एका पायरीवर बसून तो भोवऱ्याची दोरी गुंडाळत रडतो. पेल्लेचा शेवट बर्फात आहे. बाप मागे राहतो, जायचं वय गेलं म्हणतो, आणि मुलगा एकटा निघतो. एका वर्षात, दोन टोकांच्या दोन देशांत, दोन मुलं अशी एकटी पुढे निघालेली मी पाहिली. ऑस्कर कुणाला मिळालं याचं मला आता काही वाटत नाही. त्यानंतर त्या दोन मुलांचं काय झालं, याचं वाटतं.

शफीक पुढे बंगळूरला परतला आणि रिक्षा चालवून त्याने संसार केला. रिक्षा चालवणं हे कष्टाचं, मानाचं काम आहे, त्यात कमीपणा अजिबात नाही. पण राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या बारा-तेरा वर्षांच्या मुलाला पुढचा रस्ता दाखवणारं कुणी नसावं, हे मला आजही सहन होत नाही. चित्रपटातून उभी राहिलेली सलाम बालक ट्रस्ट ही संस्था मुंबई-दिल्लीत हजारो मुलांसाठी काम करते आहे, हे मोठं काम. पण पडद्यावर झळकलेल्या एका मुलाची अभिनयाची वाट पुढे जावी, अशी व्यवस्था आपल्याकडे नव्हती. ही उणीव त्या मुलाच्या गुणांत शोधायची नसते.

पेल्ले व्हेनेगोर पडद्यावरून नाहीसा झाला नाही. मोठा झाल्यावर त्याने नट म्हणून काम केलं, दूरचित्रवाणीवर सूत्रसंचालन केलं. बऱ्याच वर्षांनी मूल होत नसल्याच्या काळावर आणि दत्तक घेण्याच्या प्रवासावर त्याने उघडपणे पुस्तक लिहिलं. पुरुषांनी या विषयावर गप्प राहायचं, असं डेन्मार्कमध्येही असतंच. ज्या मुलाने पडद्यावर बापाची हतबलता डोळ्यांत साठवली होती, त्याने मोठेपणी बाप होण्याच्या धडपडीवर लिहावं, हे मला फार मोलाचं वाटतं. त्यानंतर त्याच्या वाट्याला दुसरा 'पेल्ले' आला नाही, पण त्याला शाळा होती, घर होतं, आणि पुन्हा साधा मुलगा होण्याची मोकळीक होती.

आपल्यापैकी काहींची मुलं इथल्या शाळेच्या नाटकात काम करतात. मागच्या दिवाळीला आपल्याच नाटुकलीत चार-पाच जणांनी काय सुंदर कामं केली! एखाद्याला उद्या खरोखरच निवडीसाठी बोलावणं आलं, तर आईबाबांनी घाबरू नये आणि हुरळूनही जाऊ नये. चित्रीकरणाचे तास किती, शाळा कशी चालू राहणार, मुलाबरोबर दिवसभर कोण असणार, आणि काम संपल्यावर त्याच्याशी बोलायला कुणी असेल का, हे चार प्रश्न आधी विचारा. या देशात त्यांची उत्तरं मिळतात, आणि तो तुमचा हक्क आहे.

चहानंतर याच सभागृहात 'पेल्ले' दाखवणार आहोत. चित्रपट डॅनिश आणि स्वीडिश दोन्ही भाषांत आहे, खाली इंग्रजी अक्षरं येतील. चाबकाचा प्रसंग कठोर आहे, वाडीवर इतरही काही क्रूर गोष्टी घडतात. दहा वर्षांखालच्या मुलांसाठी बाजूच्या खोलीत कॅरम आणि चित्रकलेची सोय केली आहे, त्यांना तिथे बसवा. त्याहून मोठ्या मुलांना मात्र शेजारी घेऊन पाहा, आणि लासे का हरला असं त्यांनी विचारलं तर तिथेच, चित्रपट चालू असतानाच, हळू आवाजात सांगायला हरकत नाही. मागच्या रांगांत बसलात तर इतरांना त्रास होणार नाही.